आधी चहा, मग साहचर्य

सिरिल बॅराक्लफ मास्तरांनी आयुष्याकडे फार काही मागितलं नव्हतं. शाळेतून निवृत्त झाल्यापासून पेन्शन वेळेवर येत होतं, मागच्या अंगणात वाटाणे बरे येत होते, आणि त्यांची बायको इडा हिच्या हातचं रविवारचं जेवण इतक्या वर्षांत एकदाही करपलं नव्हतं. एक इच्छा तेवढी राहून गेली होती. आपलं व्याख्यान संपल्यावर कुणीतरी उठून आपल्याला एक प्रश्न विचारावा, एवढीच.

प्रश्न त्यांना विचारले जात नव्हते असं नाही. मागचं दार लावलंस का, शोधतोयस तो चष्मा कपाळावर आहे तोच का, असले प्रश्न इडा दिवसभर विचारायची. पण त्या प्रश्नांना प्रतिष्ठा नव्हती. मास्तरांना हवा होता तो प्रश्न मागच्या रांगेतून यायला हवा होता. विचारणाऱ्याने उभं राहायचं, घसा साफ करायचा, ‘वक्त्यांनी मघाशी जो मुद्दा मांडला’ अशी सुरुवात करायची, आणि मास्तरांनी चष्मा काढून, किंचित हसून, ‘फार चांगला प्रश्न’ असं म्हणायचं. हे ‘फार चांगला प्रश्न’ त्यांनी दाढी करताना आरशासमोर कितीतरी वेळा म्हणून पाहिलं होतं. तोंडाला फेस असतानाही ते भारदस्त वाटायचं.

हॉल्डनशॉ हे यॉर्कशरमधलं लोकरीच्या गिरण्यांचं गाव. निम्म्या गिरण्या बंद पडल्या होत्या, पण गावाचं साहित्य आणि तत्त्वज्ञान मंडळ चालू होतं. हिवाळ्यात एका शनिवाराआड दुपारी वाचनालयाच्या माडीवर मंडळी जमायची. मास्तर दर हिवाळ्यात एक व्याख्यान द्यायचे. शेवाळावर दिलं, भरती-ओहोटीवर दिलं, रोमन रस्त्यांवर तर दोन भागांत दिलं. लोक ऐकायचे, निदान ऐकणाऱ्याच्या चेहऱ्याने बसायचे. शेवटी मास्तर कागद खाली ठेवून म्हणायचे, ‘काही प्रश्न?’

आणि ‘प्रश्न’ हा शब्द पुरता तोंडाबाहेर पडायच्या आत खुर्च्या वाजायच्या. दालन आणि स्वयंपाकखोली यांच्यामधल्या भिंतीत एक सरकती झडप होती. तिच्यापलीकडे मर्गाट्रॉइडबाई दबा धरून असायच्या, आणि ‘काही’ कानावर पडताच झडप वर सारायच्या. चहाची वाफ आत यायची आणि सगळं मंडळ वळून झडपेपुढे रांगेत उभं राहायचं. चहा झाला, कप परत गेले, की बाई झडप धाडकन खाली ओढायच्या. तो आवाज झाला की मंडळाचे अध्यक्ष, दातांचे डॉक्टर फॉसेट, आभार मानायचे. टाळ्या व्हायच्या, मास्तर वाकून ‘धन्यवाद, मंडळी’ म्हणायचे आणि लोक कोट चढवून घरची वाट धरायचे. वर्षानुवर्षं हे असंच चाललं होतं. यात दोष कुणाचाच नव्हता, त्यामुळे मास्तरांना रागवायलाही कुणी सापडत नव्हतं.

प्रश्न का येत नाहीत, याबद्दल इडाचं मत साधं होतं. कुणाला काही कळलं तर विचारतील ना, असं ती विणकामातून मान वर न करता म्हणायची. शेजारच्या नेड सगडनचं मत त्याहून अपमानकारक होतं. नेडने आयुष्य गिरणीच्या रंगखात्यात काढलं होतं आणि आता तो मागच्या अंगणात शर्यतीची कबुतरं पाळायचा. त्याची बायको एल्सी जाऊन दोन हिवाळे झाले होते. तेव्हापासून त्याचा मोकळा वेळ दोन घरांमधल्या बुटक्या भिंतीवर कोपर टेकून मास्तरांना सल्ले देण्यात जात होता. तो मास्तरांना अरेतुरे करायचा. मास्तरांना ते रुचायचं नाही, पण त्या मुलखात जो अरेतुरे करतो तो आपला समजायचा, अशी रीत असल्यामुळे तक्रारीला जागा नव्हती. नेडचं म्हणणं असं, की दातांचा डॉक्टर अध्यक्ष करून ठेवल्यावर आपणहून तोंड उघडेल कोण.

तर त्या वर्षी मास्तर हिमनद्यांवर बोलणार होते. वाचनालयात हिमनद्यांचं पुस्तक शोधताना शेजारच्या फळीवरचा एक जाडजूड तत्त्वज्ञानाचा ग्रंथ त्यांच्या हाती आला, आणि तो जिथे उघडला तिथे शीर्षक होतं ‘कल्पनांचं साहचर्य’. मास्तरांनी उभ्याउभ्याच दोन पानं वाचली आणि मग खुर्ची शोधली. दोन गोष्टी मनात पुन्हा पुन्हा शेजारी शेजारी आल्या, की त्यांची गाठ पडते. मग एक आली की दुसरी न बोलावता मागून येते, असा त्याचा अर्थ होता. मास्तरांच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. ‘काही प्रश्न’ आणि चहा, या दोहोंची मंडळाच्या मनात अशी गाठ पडली होती, की पहिलं ऐकलं की मनात फक्त दुसरं उगवायचं. म्हणजे दोष त्यांच्या व्याख्यानांचा नव्हता. शेवाळाचाही नव्हता. दोष मानवी मनाच्या घडणीचा होता, आणि तसं छापून आलेलं होतं.

ते घरी आले ते जवळजवळ पळतच. हिमनद्या त्यांनी जागच्या जागी सोडल्या. यंदाचा विषय हाच, कल्पनांचं साहचर्य, त्या शब्दाचा अर्थ आणि उगम. आणि नुसतं बोलायचं नाही, गाठ सोडवूनही दाखवायची. चहा व्याख्यानाच्या आधी द्यायचा. एकदा पोटात चहा गेला, की ‘काही प्रश्न?’ या शब्दांना जोडीदारच उरणार नाही. लोक बसून राहतील. बसलेल्या माणसाला करायला दुसरं काही नसलं, की तो विचार करतो, आणि विचार करणाऱ्याला प्रश्न पडतो. इडाने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, ‘मर्गाट्रॉइडबाईंना विचारलंस का?’

मास्तरांनी विचारलं. बाई म्हणाल्या की त्यांचं काही नाही, त्या पहाटे उठूनही चहा करतील, पण चहाची वेळ बदलणं चहा-उपसमितीच्या हातात आहे. उपसमितीत तीन सभासद होते. एक स्वतः बाई, दुसरे खुद्द मास्तर, ही गोष्ट ते साफ विसरले होते, आणि तिसरे एक वृद्ध गृहस्थ मागच्या वर्षी वारले होते. आता ते वारले होते हे खरं, पण त्यांनी राजीनामा दिलेला नव्हता. ते असेपर्यंत, म्हणजे नसूनही असेपर्यंत, बैठक पुरी भरत नव्हती. त्यांच्या जागी नवा माणूस नेमायचा अधिकार मुख्य समितीला, आणि मुख्य समितीला तशी शिफारस करायची उपसमितीने, बैठक भरवून. हा गुंता सुटायला नोव्हेंबर सरून गेला. शेवटी डॉक्टर फॉसेट यांनी, मास्तरांची दाढ तपासत असताना, म्हणजे मास्तरांना काहीच बोलता येत नसताना, आपणच तिसरे सभासद व्हायचं कबूल केलं आणि एकदाच, प्रयोग म्हणून, परवानगी दिली.

मग आडवी आली नगरपालिका. माडी नगरपालिकेची, आणि ती मंडळाला मिळायची ‘व्याख्यान व त्यानंतरचा चहा’ यासाठी. खिडकीमागच्या कारकुनाने चष्म्यावरून पाहत समजावलं, की चहा आधी आला तर तो व्याख्यानानंतरचा चहा राहत नाही, नुसता चहा होतो, आणि माणसं जमवून नुसता चहा देणं याला उपाहारगृह म्हणतात. मास्तरांनी विचारलं, की कप तेच, दूध तेच, पिणारेही तेच, मग मध्ये व्याख्यान आलं नाही एवढ्याने उपाहारगृह कसं काय होतं. कारकून म्हणाला, नियम त्याने केलेले नाहीत. हे वाक्य इंग्रज माणूस ऐकतो तेव्हा त्याला पुढे काही बोलता येत नाही, कारण त्याने स्वतःही ते आयुष्यात कुणाला ना कुणाला ऐकवलेलं असतं. उपाहारगृह म्हटल्यावर आरोग्यखात्याचा तपासनीस आला. त्याने मंडळाचा चहाचा बंब उघडून आत एकदा डोकावून पाहिलं आणि झाकण अगदी हळुवारपणे परत ठेवलं. युद्धाच्या आधीपासून ज्या बंबातला चहा सगळं गाव व्याख्यानानंतर सुखाने पीत होतं, तो व्याख्यानाआधी पिणं धोक्याचं ठरलं.

बातमी भिंतीपलीकडे जायला वेळ लागला नाही. नेड म्हणाला, ‘मास्तर, एवढा खटाटोप कशाला करतोस? मला सांग ना. मागे बसतो, हात वर करतो, तू म्हणशील तो प्रश्न विचारतो. एक ग्लास बिअर पाज म्हणजे झालं.’ मास्तरांना हे फार लागलं. विकत घेतलेला प्रश्न हा प्रश्न नव्हे, असं त्यांनी ताठ मानेने सांगितलं. नेड म्हणाला, मग अर्धा ग्लास. खाटकाने सल्ला दिला की सॉसेज ठेवा, गर्दी लोटेल. पाद्रीबोवांनी सुचवलं की विषयात थोडा देव घाला. इडाने व्याख्यान लहान करायला सांगितलं, आणि सगळ्यांत वाईट म्हणजे, ते बरोबर आहे असं मास्तरांना मनातून वाटत होतं.

बंबाचा प्रश्न मात्र नेडनेच सोडवला. त्याच्या कबुतरवाल्यांच्या क्लबचा बंब कोरा करकरीत होता. अट एकच, बंब जिथे जाईल तिथे क्लबचा एक सभासद सोबत जाणार आणि बंब घेऊनच परत येणार. मागे एकदा तो चर्चच्या सहलीला एकटा गेला होता आणि कुशीला पोचा पाडून आला होता. म्हणजे नेड व्याख्यानाला येणार हे आलंच. मंडळाचं सभासदत्व त्याने कधी मागितलं नव्हतं, आणि मागितलं असतं तर काय झालं असतं याचा विचार मास्तरांनी मुद्दामच केला नाही.

ठरलेल्या शनिवारी मंडळी जमली. थंडी कडाक्याची होती, त्यामुळे माडी भरली. डॉक्टर फॉसेट उठले आणि म्हणाले की आज प्रयोग म्हणून चहा आधी होईल आणि व्याख्यान मागाहून. सगळ्यांनी माना डोलावल्या. पण अध्यक्षांची सुरुवातीची सूचना ही दर सभेला ओल्या छत्र्या कुठे ठेवायच्या याबद्दल असायची आणि ती कुणीही कधी ऐकलेली नव्हती. आजही ऐकली नाही. झडप वर गेली, वाफ आली, रांग लागली. मास्तर आपल्या कागदांची गुंडाळी काखेत धरून व्यासपीठाच्या कडेला उभे होते. आज काहीतरी घडणार, असं त्यांना वाटत होतं.

आणि घडलं. चहा झाला. थंडीमुळे लोकांनी दोन दोन कप घेतले. गप्पा झाल्या, बिस्किटं संपली, कप परत गेले. मर्गाट्रॉइडबाईंनी, इतकी वर्षं करत आल्या तसं, झडप धाडकन खाली ओढली.

तो आवाज ऐकला आणि डॉक्टर फॉसेट उठले. ते उठले तेव्हा त्यांच्या डोळ्यांत कसलाही विचार नव्हता, असं पुढे इडाने शपथेवर सांगितलं. त्यांनी कोटाची गुंडी लावली आणि म्हणाले, ‘आपले स्नेही बॅराक्लफ यांनी आज आपल्याला एका अवघड विषयाची जी सुबोध ओळख करून दिली, तिच्याबद्दल आपण सर्व त्यांचे ऋणी आहोत.’ टाळ्या झाल्या. भरपूर झाल्या, नेहमीपेक्षा जास्तच.

इथे मास्तरांनी हात वर करून ‘थांबा’ म्हणायला हवं होतं, हे कुणीही सांगेल. पण माणसाचे आभार मानले जात असताना त्याने मध्ये बोलायचं नसतं, हे त्यांच्या हाडीमाशी खिळलेलं होतं. आणि टाळ्या संपल्या तेव्हा त्यांनी जे केलं, ते त्यांना मरेपर्यंत कुणाला समजावून सांगता येणार नव्हतं. टाळ्या ऐकल्या आणि ते कमरेत वाकले आणि म्हणाले, ‘धन्यवाद, मंडळी.’

सभा संपली. कोट चढले, मफलर गुंडाळले गेले, छत्र्यांची अदलाबदल झाली. दोन म्हाताऱ्या बहिणी खास व्यासपीठापाशी आल्या आणि त्यातली थोरली मास्तरांचा हात हातात घेऊन म्हणाली, की आजवरच्या तुमच्या व्याख्यानांत आजचं सगळ्यांत छान झालं. धाकटी म्हणाली, मुख्य म्हणजे लांबलं नाही. मास्तरांनी त्यांचेही आभार मानले. जिना पावलांनी वाजला, खालचं दार उघडलं, बंद झालं, आणि माडीवर रिकाम्या खुर्च्या उरल्या. मर्गाट्रॉइडबाईही बस गाठायला निघून गेल्या. सिद्धान्त तंतोतंत खरा ठरला होता, आणि सिद्ध करणाऱ्यालाही त्याने वगळलं नव्हतं.

मास्तर व्यासपीठाच्या पायरीवर बसले. कागदांची गुंडाळी अजून काखेतच होती. त्यांना रडू आलं नाही, पण त्या वयाच्या माणसाला रडू येण्याऐवजी जे होतं, ते झालं. हात कुठे ठेवावेत ते त्यांना कळेना. इडा टाळ्यांनंतर कप पुसायला गेली होती ती स्वयंपाकखोलीतून बाहेर आली, तिने नवऱ्याकडे पाहिलं, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिला त्यांना टोमणा मारावासा वाटला नाही.

तेवढ्यात स्वयंपाकखोलीच्या दारातून नेडचा आवाज आला. ‘बंब अजून चटका देतोय. उचलता यायचा नाही. बराच वेळ लागेल निवायला.’ मग तो टोपी हातात घेऊन पुढे आला आणि मधल्या रांगेत बसला. ‘तर तू वाच की, मास्तर. नाही तरी बसायचंच आहे मला.’

मास्तर म्हणाले, आता काय वाचायचं. इडाने पिशवीतून विणकाम काढलं आणि नेडपासून दोन खुर्च्या सोडून बसली. तिने मास्तरांची सगळी व्याख्यानं स्वयंपाकखोलीच्या भिंतीपलीकडून, कपांच्या आवाजात ऐकली होती. खुर्चीवर बसून ऐकायची तिची ही पहिलीच वेळ होती. मास्तर उठले, व्यासपीठावर गेले आणि गुंडाळी सोडली.

आधी ते पडेल आवाजात वाचत होते. मग हळूहळू विषयाने त्यांना उचललं. त्यांनी सांगितलं, की ‘साहचर्य’ हा शब्द ज्या तत्त्वज्ञाने आपल्या पुस्तकात घातला, त्याने तो पहिल्या आवृत्तीत घातलाच नव्हता. तो पुढच्या एका आवृत्तीत, एक जादा प्रकरण जोडून घातला, आणि घातला तोही जवळजवळ एका दुखण्याचं नाव म्हणून. ज्या गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, त्या केवळ योगायोगाने आणि सवयीने मनात एकत्र बांधल्या जातात आणि माणूस शहाणा असूनही त्या एका जागी खुळा होतो, असं त्याचं म्हणणं. हे खूळ थोडंफार सगळ्यांनाच असतं, असंही त्याने मान्य केलं होतं. मग काही दशकांनी आपल्याच यॉर्कशरमध्ये जन्मलेल्या एका वैद्याने तोच धागा उचलला आणि सांगितलं, की हे दुखणं नाही, हीच मनाची तब्येत. आपली भाषा, आपली माया, आपली भीती, सगळं अशाच गाठींनी विणलेलं आहे. ‘साहचर्यवाद’ असं ‘वाद’चं शेपूट त्या शब्दाला लागलं ते आणखी बऱ्याच वर्षांनी, भांडणारे लोक आले तेव्हा. ‘एका माणसाने ज्याला मनाचा डाग म्हटलं,’ मास्तर वाचत होते, ‘तेच मनाचं सगळं कापड आहे, असं दुसऱ्याने म्हटलं.’ आपल्या गावात बंद पडलेल्या गिरणीच्या भोंग्याची वेळ झाली की अजून कितीतरी म्हाताऱ्यांना भूक लागते, हेही त्यांनी सांगितलं. नेड तेव्हा हसला. आपल्यालाही लागते, असं म्हणाला.

शेवटचं पान संपलं. मास्तरांनी कागद खाली ठेवले, म्हणाले, ‘काही प्रश्न?’ आणि उत्तराची वाट न बघता कागद पुन्हा गुंडाळू लागले, कारण त्यांचीही सवय तीच होती.

‘आहे एक,’ नेड म्हणाला.

मास्तरांचे हात थांबले. नेड उभा राहिला होता. उभं राहायला त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

‘कबुतरं शर्यतीहून परत यायची वेळ झाली की मी शीळ घालतो,’ तो म्हणाला. ‘शीळ ऐकली की एल्सी माडीवरची खिडकी उघडायची. हातातलं काम टाकून. आता शीळ घातली की माझी मान आपोआप वर जाते. तू म्हणालास तसंच आहे ते, गाठ पडलीय. तेवढं कळलं मला.’ त्याने टोपी या हातातून त्या हातात घेतली. ‘मला विचारायचंय ते पुढचं. पहिल्या वर्षी दर खेपेला मान वर जायची. या उन्हाळ्यात मात्र एक-दोनदा असं झालं, की शीळ घातली, कबुतरं उतरली, मी त्यांना आत घेतलं, दाणे टाकले, आणि मग ध्यानात आलं, मी वर बघितलंच नाही. तर ही गाठ सुटते का, मास्तर? आणि सुटत असेल, तर ती सुटू नये म्हणून माणसाने काय करायचं?’

मास्तरांनी चष्मा काढला. आरशासमोर घोटलेलं वाक्य घशापर्यंत आलं आणि त्यांनी ते गिळलं. उत्तर त्यांना येत होतं. त्यावर एक अख्खं पान होतं, आणि व्याख्यान लहान कर असं इडाने सांगितलं म्हणून त्यांनी कालच ते गाळलं होतं. एक गोष्ट दुसरीवाचून पुन्हा पुन्हा येत राहिली, की गाठ सैल होत जाते, असं त्या पानावर होतं. म्हणजे त्या बंद खिडकीखाली नेडने घातलेली प्रत्येक शीळ ती गाठ थोडी थोडी सोडवत होती, आणि शीळ घातल्याशिवाय कबुतरं घरी येणार नव्हती. जन्मभर ज्याची वाट पाहिली तो प्रश्न समोर उभा होता, आणि त्याचं उत्तर द्यायला मास्तरांची जीभ रेटत नव्हती. मला माहीत नाही, असं म्हणणं सोपं होतं. इडाने विणणं थांबवलं होतं, आणि तिलाही तेच हवं असावं, असं तिच्या चेहऱ्यावरून दिसत होतं. पण नेड उभा राहून, टोपी काढून विचारत होता. अशा माणसाला खोटं सांगणं मास्तरांना जमेना.

‘सुटते,’ ते म्हणाले. ‘नुसती शीळच होत राहिली आणि खिडकी उघडली नाही, तर हळूहळू सैल पडते. यात तुझं काही चुकलेलं नाही, नेड. माणसाचं मनच तसं असतं.’

‘वाटलंच होतं मला,’ नेड म्हणाला आणि खाली बसला.

मास्तर व्यासपीठावरून उतरले. तिथे उभं राहून पुढचं बोलणं त्यांना बरं दिसेना. ते नेडच्या शेजारच्या खुर्चीवर येऊन बसले. दोन गोष्टी पुन्हा पुन्हा एकत्र आल्या की गाठ घट्ट होते, हे मघाशी त्यांनी स्वतःच, पहिल्याच पानावर वाचलं होतं. खिडकी आता उघडणार नव्हती, पण तिच्याबद्दल बोलता तर येत होतं. भिंतीच्या अलीकडे राहून दोन हिवाळे त्यांनी नेडचे सल्ले ऐकले होते, हवापाण्याबद्दल बोलले होते, इडाने केक पाठवला होता. एल्सीचं नाव मात्र त्या भिंतीवरून एकदाही इकडून तिकडे गेलं नव्हतं. नेडला त्रास नको, असं त्यांनी आणि इडाने ठरवलं होतं, न बोलता. मास्तरांना त्याची मनापासून लाज वाटली.

‘खिडकी उघडून काय म्हणायची ती?’ त्यांनी विचारलं.

नेडने वळून त्यांच्याकडे पाहिलं. हे त्याला आजवर कुणी विचारलं नव्हतं.

‘“पांढरी आली का?”’ तो म्हणाला. ‘बाकीच्यांशी तिला काही देणंघेणं नव्हतं. पांढरीच हवी असायची. आणि ती बया कायम सगळ्यांच्या मागून यायची.’

‘का बरं?’ मास्तरांनी विचारलं.

नेड खुर्चीत सरसावून बसला आणि सांगू लागला. इडाने आपली खुर्ची जवळ ओढली. मास्तरांना पुढचा प्रश्न सुचला होता, पण नेडचं सांगून होईपर्यंत त्यांनी तो मनातच धरून ठेवला.